सबनॉटिकात बेस बांधताय? आधी टपरी टाका

सोलापुरातून समुद्र बघायचा तर घाट उतरून जावं लागतं, दिवस मोडतो. त्यामुळे माझा समुद्र स्क्रीनवरचाच. मे महिन्यात बाहेर ४३ अंश ऊन असताना भाच्याच्या लॅपटॉपवर 'सबनॉटिका' हा गेम पहिल्यांदा पाहिला आणि त्या निळ्या पाण्याकडे बघूनच गार वाटलं. नंतर स्वतः खेळायला बसले आणि आठवड्याभरात दोन बेस, म्हणजे पाण्याखालची घरं, बुडवले. त्या दोन बेसनी जे शिकवलं ते इथे क्रमाने लिहिते आहे.

ज्यांना गेम अगदीच नवा आहे त्यांच्यासाठी दोन ओळी. अरोरा नावाचं अंतराळयान ४५४६बी या ग्रहावर कोसळतं आणि तुम्ही लाइफपॉड ५ या सुटकेच्या छोट्या यानात एकटे, चहूकडे पाणी. गेम अनोन वर्ल्ड्स एंटरटेनमेंटचा, पूर्ण स्वरूपात २०१८ मध्ये आला. २०२१ चा 'बिलो झिरो' वेगळा, त्यातले काही आकडे बदलतात. मी पहिल्या गेमबद्दलच बोलते आहे, आणि सर्व्हायव्हल मोडबद्दल, म्हणजे जिथे भूक-तहान सांभाळावी लागते.

मी बेस म्हणजे काय समजले होते? भुईकोट किल्ला. बुरूज, काचेचे पॅसेज, मधोमध मोठा हॉल. भाचा मागे उभा राहून बघत होता, म्हणाला, "मावशी, किल्ला नको बांधू. आधी टपरी टाक. धंदा चालला तर बघू." तेव्हा रागच आला. पण खरं तेच होतं.

बसण्याआधी जवळ काय हवं

गेममधल्या सामानाची यादी पुढे येईलच. आधी गेमबाहेरचं बघा:

- लॅपटॉप ठेवायला टणक टेबल. पलंगावर सोलापुरी चादरीवर लॅपटॉप ठेवून खेळू नका. खालची हवेची जाळी बुजते, पंखा कोकलतो आणि नेमका खोल पाण्यात गेम अडखळायला लागतो.
- इन्व्हर्टर किंवा धड चालणारी लॅपटॉपची बॅटरी.
- हेडफोन. या गेममध्ये मागून काय येतंय ते आधी कानाला कळतं.
- एक वही. हसू नका, पुढे लागेल.

आणि सगळ्यात मोठा सापळा आत्ताच सांगते: हा गेम आपणहून सेव्ह होत नाही. मेनूत जाऊन स्वतः सेव्ह करावं लागतं. मी तीन तास खेळून चांगली मोठी खोली उभी केली, आणि लाइट गेली. बॅटरी आधीच मेलेली. लाइट आली तेव्हा मी पुन्हा लाइफपॉडशेजारी, हातात दोन मासे. तेव्हापासून नियम केला: काहीही नवीन बांधलं की आत शिरायचं, सेव्ह करायचं, मग पुढचं.

## १. हॅबिटॅट बिल्डर करून घ्या

हे बांधकामाचं हत्यार. याशिवाय एक वीटही लागत नाही. लाइफपॉडमधल्या फॅब्रिकेटरवर, म्हणजे वस्तू बनवायच्या यंत्रावर, ते तयार होतं. त्याला वायरिंग किट, बॅटरी आणि कॉम्प्युटर चिप अशा तीन वस्तू लागतात. मुळातलं कच्चं सामान मोजलं तर असं:

- तांबं ३ (बॅटरीला १, चिपमधल्या तांब्याच्या तारेला २)
- चांदी २
- सोनं १
- ॲसिड मशरूम २
- टेबल कोरलचे तुकडे २

तांबं आणि टायटॅनियम चुनखडीच्या ढेकळांतून निघतं, ती लाइफपॉडच्या आसपास भरपूर. नवखे अडकतात ते चांदी-सोन्यात. ते सँडस्टोनच्या ढेकळांत असतं आणि उथळ पाण्यात शोधत बसलात तर संध्याकाळ होईल. थोडं पुढे, उंच वेलींच्या केल्प फॉरेस्टमध्ये जा. तिथे स्टॉकर नावाचे लांब तोंडाचे मासे चावतात, पण एखाद्या चाव्याने जीव जात नाही. टेबल कोरल म्हणजे खडकाच्या कडेला थाळ्यांसारखे चिकटलेले रंगीत चकत्यांचे थर, त्यांना चाकूने मारा.

सुरुवातीला दम फक्त ४५ सेकंदांचा असतो. साधी ऑक्सिजन टाकी केली की ७५. टाकी आधी, सोनं नंतर.

## २. जागा बघताना निसर्गसौंदर्य बघू नका

घर घेताना आपण काय बघतो? नळाला पाणी किती दिवसांनी येतं, दुकान जवळ आहे का, रस्ता आहे का. इथेही तेच. सेफ शॅलोजचा उथळ भाग, केल्प फॉरेस्ट आणि लाल गवताचा ग्रासी प्लॅटोज, या तिघांच्या सीमेजवळ ३० ते ५० मीटर खोलीवर सपाट जागा शोधा. टायटॅनियम, क्वार्ट्झ, वेलींच्या बिया, मासे, सगळं हाकेच्या अंतरावर. ऊन पोचतं म्हणून सोलर चालतं.

सुरुवातीचे दिवस अरोराच्या अगदी जवळ जाऊ नका. यानाचा स्फोट झाला की तिथे किरणोत्सर्ग पसरतो आणि रेडिएशन सूट नसेल तर जीव झिजत जातो. त्या बाजूच्या पाण्यात रीपर लेव्हिएथन हा अजस्र शिकारी प्राणीही फिरतो. त्याचा आवाज हेडफोनमध्ये एकदा ऐकलात की जागेचा निर्णय आपोआप होईल.

जागा ठरली की एक बीकन, म्हणजे ठिकाण दाखवणारी खूण, सोडा. तांबं १, टायटॅनियम १, बस्स. पाण्याखाली सगळीकडे सारखंच दिसतं. मी स्वतःचा बेस वीस मिनिटं शोधला आहे.

## ३. टपरी

पहिला बेस एवढाच असावा:

- सरळ पॅसेज १: टायटॅनियम २
- हॅच, म्हणजे दार, १: टायटॅनियम २, क्वार्ट्झ १
- सोलर पॅनेल २: टायटॅनियम ४, क्वार्ट्झ ४, तांबं २
- फॅब्रिकेटर १: टायटॅनियम १, सोनं १, टेबल कोरल १
- भिंतीवरचे लॉकर २: टायटॅनियम ४

एकूण टायटॅनियम १३. यानाच्या पत्र्याचा एक मोठा तुकडा वितळवला की ४ टायटॅनियम मिळतं, म्हणजे चार तुकड्यांत काम झालं आणि वर ३ उरलं. ढेकळं फोडत हिंडण्यापेक्षा हे कितीतरी बरं.

क्रम महत्त्वाचा आहे: पॅसेज, दार, मग लगेच सोलर. वीज नसेल तर आत हवा तयार होत नाही. नवखा माणूस आत शिरतो, "घर झालं" म्हणून निवांत उभा राहतो आणि टाकीतली हवा संपत असते. घरात बुडून मरण्याचा मान मी पहिल्याच दिवशी मिळवला.

चुकलं तर घाबरायचं कारण नाही. बिल्डरनेच बांधकाम मोडता येतं आणि सामान पूर्णच्या पूर्ण परत मिळतं. फक्त लॉकर आधी रिकामा करावा लागतो आणि पॅसेज मोडायचा तर त्याला जोडलेलं दार, खिडकी आधी काढावी लागते. मोडणं फुकट आहे म्हणूनच टपरी परवडते.

## ४. वीज

एका सोलर पॅनेलमध्ये ७५ युनिट साठतात आणि फॅब्रिकेटरवर एक वस्तू केली की ५ जातात. दिवसा हा हिशोब जमतो. रात्री पॅनेल काहीच देत नाही, साठलेल्यावरच भागवायचं. पॅनेल जितकं खोल तितकं कमी देतं. म्हणून रात्री बॅटरी चार्जर लावून झोपलात तर सकाळी घरात अंधार. आपल्याला हे नवीन नाही. लोडशेडिंगच्या काळात मिक्सर आधी चालवायचा की मोटर, हे ठरवत मोठे झालेली माणसं आपण.

पुढची पायरी बायोरिअ‍ॅक्टर. भग्नावशेषांत त्याचे तुकडे पडलेले असतात, ते स्कॅन केले की बांधायचा नकाशा मिळतो. बांधायला टायटॅनियम ३, वायरिंग किट १, लुब्रिकंट १. पण तो मोठ्या खोलीतच बसतो. मासे, वेली, फळं काहीही टाका, रात्रंदिवस जळत राहतं. याची टाकी ५०० युनिटची. मला सबंध गेममध्ये हीच वस्तू सगळ्यात भरवशाची वाटली, गोबरगॅससारखी.

गरम पाण्याच्या झऱ्यांजवळ थर्मल प्लँट लागतो, पण त्याला मॅग्नेटाइट आणि एरोजेल हवं, म्हणजे ते नंतरचं काम. झरा बेसपासून लांब असेल तर पॉवर ट्रान्समीटरची रांग लावा, विजेच्या खांबांसारखी. प्रत्येकाला सोनं १ आणि टायटॅनियम १. अणुभट्टीसुद्धा आहे. मला कधी गरज पडली नाही.

## ५. ताकदीची वजाबाकी (हे नीट वाचा)

माझा दुसरा बेस इथे बुडाला, म्हणून जरा थांबून सांगते.

प्रत्येक बेसला सुरुवातीला १० गुण मिळतात, असं समजा. तुम्ही जे जोडाल ते यातून वजा होतं किंवा यात मिळतं:

- साधा पॅसेज −१, हॅच −१, खिडकी −१
- मोठी खोली −१.२५
- काचेचा पॅसेज −२
- ऑब्झर्वेटरी, म्हणजे बाहेर बघायची काचेची खोली, −३
- मूनपूल, म्हणजे पाण्याखालच्या गाडीची गॅरेज, −५
- फाउंडेशन +२
- बल्कहेड, म्हणजे मधला पाणबंद दरवाजा, +३
- रीइन्फोर्समेंट, म्हणजे भिंतीला जाड पत्रा, +७

बेरीज शून्याखाली गेली की भिंती फुटतात आणि पाणी आत येतं. १०० मीटरच्या खाली वजाबाकी खोलीप्रमाणे वाढत जाते. उथळ पाण्यात निभावलेला बेस तसाच्या तसा खाली बांधला तर निभावेलच असं नाही.

मी २५० मीटरवर, ग्रँड रीफच्या कडेला, एक मोठी खोली, एक दार आणि काचेचे पॅसेज बांधत होते. तीन पॅसेजपर्यंत आकडा जेमतेम शून्याच्या वर होता. बाहेर निळसर उजेडाची झाडं, काचेतून इतकं सुंदर दिसत होतं की चौथा जोडला. क्षणभर काही झालं नाही. मग कर्रर्र, लोखंडी पलंग ओढल्यासारखा आवाज. खोलीच्या भिंतीत एक पांढरी धार, मग समोर दुसरी. पाणी पायापासून वर चढताना दिसतं, हळूहळू, लॉकरचा खालचा निम्मा भाग त्यात जातो. मी पहिली धार बुजवली, तोवर मागे तिसरी सुटली. तेव्हा मला कळलंच नव्हतं की आकडा उणे असेपर्यंत भोकं बुजवून उपयोग नाही, नवीन पडतच राहतात. मी रिपेअर टूल घेऊन त्या खोलीत गोल गोल फिरत होते.

आजी मागे जपमाळ घेऊन बसली होती. म्हणाली, "अगं, ती बया काय करतीये? नळ बंद कर म्हणावं आधी."

तिला गेम कळत नव्हता, पण इलाज तिचाच बरोबर. बाहेर जाऊन एक काचेचा पॅसेज मोडला असता तर आकडा पुन्हा वर आला असता. मग भोकं बुजवायची. पाणी आपोआप उतरतं.

तेव्हा:

- खोल पाण्यात आधी फाउंडेशन टाका (टायटॅनियम २, शिसं २), मग त्यावर खोली.
- काच जोडण्याआधी एक रीइन्फोर्समेंट लावा. त्याला टायटॅनियमसोबत लिथियम लागतं, ते शेल नावाच्या खडकाच्या ढेकळांत सापडतं. ज्या भिंतीवर पत्रा लावला तिथे खिडकी येत नाही, म्हणून आधी ठरवा.
- दोन भागांमध्ये एक बल्कहेड. एक भाग भरला तरी दार लावून दुसरा वाचतो.
- रिपेअर टूल बेसमध्ये कायम. त्याला केव्ह सल्फर लागतं, ते क्रॅशफिशच्या बिळात असतं. तो मासा अंगावर येऊन फुटतो. त्याला बाहेर बोलवा, मागे सरका, फुटू द्या, मग बिळात हात घाला.

वही यासाठीच सांगितली होती. डाव्या बाजूला अधिक, उजव्या बाजूला उणे. बांधकाम करताना स्क्रीनवर आकडा येतो, पण तो झटकन जातो.

## ६. मोठी खोली

मल्टिपर्पज रूम. गोल, ऐसपैस, बांधायला फक्त ६ टायटॅनियम. अडचण एवढीच की नकाशा तुमच्याकडे नसतो, शोधून स्कॅन करावा लागतो. त्यासाठी तरंगतं बेट गाठा. लाइफपॉडपासून ते लांब आहे, धुक्यात दडलेलं, आणि पहिल्यांदा निघाल तेव्हा आपण उगाच चाललोय असं वाटेल. सीग्लाइड, म्हणजे हातात धरून वेगाने पोहायचं यंत्र, असेल तरच निघा. सोबत स्कॅनर, चाकू, पाण्याच्या चार बाटल्या.

बेटावर आधी येऊन गेलेल्या माणसांचे मोडके बेस आहेत. मोठी खोली तिथेच स्कॅन करा. आतला वाफा, म्हणजे इंटिरिअर ग्रोबेड, तोही स्कॅन करा. आणि बिया घेतल्याशिवाय परतू नका: मार्बलमेलन, चायनीज पोटॅटो, लँटर्न फळ. बरेच जण खोलीच्या आनंदात बिया विसरतात आणि तीच वाट दुसऱ्यांदा तुडवतात. मी दोनदा गेले.

मोठ्या खोल्या एकावर एक रचता येतात, शिडी लावून. आडवं पसरण्यापेक्षा मला उभं बांधणं सोयीचं वाटतं, धावपळ कमी होते.

## ७. पाणी आणि पोटापाण्याचं

आजीने पहिल्याच दिवशी विचारलं होतं, "एवढं पाणी दिसतंय, त्यातलं घोटभर तरी पिता येतंय का?" नाही येत. आमच्याकडे नळाला रोज पाणी येत नाही, म्हणून पिंपं, टाक्या, बादल्या भरून ठेवायची सवय हाडात आहे. ती सवय या गेममध्ये सोन्याच्या मोलाची.

सुरुवातीला ब्लॅडरफिश पकडा, फॅब्रिकेटर त्यातून पाणी काढतो. जरा बरा मार्ग म्हणजे मीठ आणि कोरल ट्यूबचा तुकडा मिळून ब्लीच करायचं. एका ब्लीचमधून दोन बाटल्या निघतात. शेवटी वॉटर फिल्ट्रेशन मशीन: टायटॅनियम ३, तांब्याची तार १, एरोजेल १. ते समुद्राच्या पाण्यातून मोठ्या बाटल्या आणि मीठ दोन्ही देतं. पण एक मशीन साधारण एका बायोरिअ‍ॅक्टरची सगळी वीज पितं. नुसत्या दोन सोलरवर ते लावलंत तर सकाळी पाणीही नाही आणि हवाही नाही.

जेवणाचं सोपं आहे. शिजवलेला मासा नासतो. खारवलेला टिकतो, पण तहान वाढवतो. एक वाफा (टायटॅनियम ४) मार्बलमेलनने भरला की खाणं आणि थोडं पाणी दोन्ही भागतं, आणि जास्तीची फळं बायोरिअ‍ॅक्टरच्या पोटात. शेवटचं फळ चाकूने फोडून बिया ठेवा, सगळी खाऊन टाकू नका.

## ८. स्कॅनर रूम, मग मूनपूल

स्कॅनर रूम आधी. टायटॅनियम ५, तांबं २, सोनं १, टेबल कोरल १. भोवतालच्या ३०० मीटरमध्ये कुठे काय आहे ते दाखवते, अपग्रेड लावले की ५०० पर्यंत. तिथे एचयूडी चिप करून अंगावर लावली की पोहतानाच डोळ्यांसमोर खुणा दिसतात. लिथियमसाठी तासन्‌तास भटकलेल्या माणसालाच याची किंमत कळेल. काम झालं की स्कॅन बंद करा, ते वीज खात बसतं.

मूनपूल म्हणजे सीमॉथ ही छोटी पाणबुडी ठेवायची गॅरेज, गाडी आत शिरली की चार्जही होते. टायटॅनियमच्या दोन लाद्या लागतात, एका लादीला १०, म्हणजे नुसतं टायटॅनियमच २०. वर शिसं २, लुब्रिकंट १. ताकदीत −५, हे विसरू नका. तळाला जागा लागते, म्हणून उतारावर तिची आखणी हिरवी होतच नाही, म्हणजे बांधता येत नाही; बेस आणखी एक पॅसेज लांबवा, मग बसते.

## ९. लॉकरवर नाव लिहा

भिंतीवरच्या लॉकरवर लेबल लिहिता येतं. लिहा. 'धातू', 'बिया', 'पाणी', 'विजेचं'. माझ्याकडे एक 'इतर' नावाचा लॉकर होता आणि बाकी सगळे रिकामे. शेवटी तो मोडायला गेले तर आधी रिकामा कर म्हणाला.

## १०. दुसरा बेस, खाली

कधीतरी ५०० मीटरच्या खाली, लॉस्ट रिव्हरकडे उतरावंच लागतं. तेव्हा वरचा बेस वाढवत बसू नका. खाली दुसरी टपरी टाका. मेलात तर तुम्ही ज्या बेसमध्ये शेवटचे शिरला होता तिथे उठता, आणि तिथून निघाल्यापासून गोळा केलेलं सामान जातं. खाली ठिकाण असेल तर नुकसान थोडक्यात निभतं.

सोलरचा इथे उपयोग नाही. मोठी खोली आणि बायोरिअ‍ॅक्टर, किंवा गरम झरा जवळ असेल तर थर्मल प्लँट. सीमॉथ अपग्रेडशिवाय २०० मीटरपर्यंतच टिकतं, म्हणून सामान वाहायला प्रॉन सूट (आत बसून चालवायचा यांत्रिक पोशाख) नाहीतर सायक्लॉप्स (मोठी पाणबुडी). मी उतरताना हे बांधून घेते:

- मोठी खोली, दार, बायोरिअ‍ॅक्टर आणि फॅब्रिकेटर एवढ्याचं सामान, मोजून
- दोन रीइन्फोर्समेंटचं सामान, काच शून्य
- बायोरिअ‍ॅक्टरला भरायला मार्बलमेलन, त्यातली दोन बियांसाठी बाजूला
- बीकन २, एक बेसवर आणि एक वर यायच्या वाटेवर
- पाणी ६ बाटल्या
- रिपेअर टूल, आणि चार्ज केलेली जादा बॅटरी

आणि निघण्याआधी सेव्ह. परवाही लाइट गेली होती, पण यावेळी बेस जागेवर होता.